व्याजशोक: रेडिओचा खून, 'आऊवा आऊवा' आणि आपण



बाहेरच्या फलकावर आजचा विषय लिहिला आहे तो बरोबर आहे, लिहिणाऱ्याची गफलत नाही. (हशा) साडेतीन मिनिटांचं एक इंग्रजी पॉप गाणं, त्याची चित्रफीत, आणि ते आपल्या शेजारी, जुहूला राहणाऱ्या एका संगीतकाराच्या हाती लागलं तेव्हा त्याचं काय झालं, एवढंच आज आम्हाला बोलायचं आहे. तत्त्वज्ञानाच्या निवृत्त मास्तराला हे कशाला हवं, असं कुणाच्या मनात आलं असेल तर त्याला उत्तर एकच. उपरोध म्हणजे नेमकं काय, हा प्रश्न आम्ही वर्गात सॉक्रेटिसपासून शिकवला. पण जुन्या गोष्टींसाठी हळहळणाऱ्या माणसाला तो प्रश्न जितका लागू पडतो तितका विद्यार्थ्याला पडत नाही. आणि या सभागृहात हळहळणारे बहुसंख्य आहेत, आमच्यासकट.

गाण्याचं नाव 'व्हिडिओ किल्ड द रेडिओ स्टार'. गाणारे 'बगल्स', म्हणजे मुख्यतः दोन माणसं: ट्रेव्हर हॉर्न आणि जेफ डाउन्स. लिहिण्यात ब्रूस वूली हा तिसरा वाटेकरी. सप्टेंबर १९७९ मध्ये ते इंग्लंडात बाजारात आलं आणि ऑक्टोबरमध्ये तिथल्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेलं. त्या काळच्या ज्या संगीताला 'न्यू वेव्ह' म्हणतात, त्यातलं हे गाणं. पंकचा आरडाओरडा नुकताच ओसरला होता. नव्या मुलांनी सिंथेसायझर हाती घेतला, चेहरे कोरे ठेवले, चकचकीत कपडे घातले आणि भावना जरा हात राखून मांडायला सुरुवात केली. गळा काढून रडायचं नाही, रडण्याकडे थोडं बाजूला उभं राहून पाहायचं, अशी ती वृत्ती. बगल्सच्या तबकडीचं नावच 'द एज ऑफ प्लास्टिक', प्लास्टिकचं युग.

गाण्याचा आशय थोडक्यात असा. एक माणूस आठवतो आहे की १९५२ साली आपण लहान होतो आणि वायरलेसवर एका गायकाला ऐकत होतो. पुढे चित्र आलं, यंत्रं आली, आणि तो गायक संपला. एवढंच. कल्पनेचं मूळ जे. जी. बॅलार्ड या लेखकाच्या १९६० सालच्या 'द साऊंड-स्वीप' या कथेत आहे. त्या कथेत माणसं ऐकू न येणारं, अतिसूक्ष्म कंपनांचं संगीत पसंत करू लागलेली असतात. एक जुनी ऑपेरा गायिका ओसाड रेडिओ केंद्रात राहत असते, आणि भिंतींत मुरलेले आवाज झाडून काढणारा एक मुका माणूस तिच्यावर जीव टाकत असतो. कथा उदास आहे. गाणं मात्र उदास नाही! ते ऐकताना पाय ठेका धरतो. इथूनच आपला प्रश्न सुरू होतो: हा शोक आहे तर नाचावंसं का वाटतं?

आता कान जरा बारीक करू. हॉर्नचा आवाज मुद्दाम चेपलेला आहे, जुन्या रेडिओतून किंवा टेलिफोनमधून यावा तसा पातळ. त्याच्यामागे स्त्रियांचा कोरस येतो तो स्वच्छ, उजळ, स्टुडिओतल्या सगळ्या सोयी वापरून घेतलेला. म्हणजे मेलेल्याचा आवाज आणि मारणाऱ्याचा आवाज एकाच गाण्यात शेजारी-शेजारी उभे आहेत. त्यातली मेख अशी की जुना वाटणारा आवाजही नव्या यंत्रानंच बनवलेला आहे. यंत्रानं माणसाची कला संपवली ही तक्रार यंत्राच्याच तोंडून येते आहे. तक्रारीचा प्रत्येक स्वर हा आरोपीच्या कारखान्यात तयार झाला आहे.

आपल्याकडे याला नुसतं 'उपरोध' म्हटलं तर पुरत नाही. आपल्या अलंकारशास्त्रात व्याजस्तुती आहे: वरून निंदा, आतून स्तुती, किंवा वरून स्तुती, आतून निंदा. व्याज म्हणजे निमित्त, पांघरूण. त्याच चालीवर आम्ही एक शब्द सुचवतो: व्याजशोक. वरून शोक आणि आतून दुसरंच काहीतरी. शास्त्रात हा शब्द नाही, आम्ही तो कामापुरता करून घेतला आहे. सोरेन किर्केगार्दनं १८४१ साली उपरोधाच्या संकल्पनेवर प्रबंध लिहिला तेव्हा उपरोध हा बोलण्याचा एक प्रकार न मानता जगण्याचा एक पवित्रा मानला. आम्हाला त्यातलं एवढंच उचलायचं आहे. व्याजशोक हा फक्त गाण्यात नसतो, तो माणसांच्या राहणीत असतो.

आणि ही युक्ती बगल्सची नव्हे. प्लेटोच्या 'फीड्रस' संवादात सॉक्रेटिस इजिप्तची एक गोष्ट सांगतो. थ्यूथ नावाचा देव राजा थॅमसकडे लेखनाची विद्या घेऊन जातो. राजा म्हणतो, यानं माणसांची स्मरणशक्ती जाईल, लोक विसरभोळे होतील. लेखनानं स्मृतीचा घात होतो, हे आपल्याला कसं कळलं? प्लेटोनं ते लिहून ठेवलं म्हणून! अडीच हजार वर्षांपूर्वीचं हे 'व्हिडिओ किल्ड द रेडिओ स्टार' आहे म्हणा ना.

चित्रफितीकडे येऊ. दिग्दर्शक रसेल मल्काही. एक लहान मुलगी जुन्या रेडिओसमोर बसली आहे. पार्श्वभूमीवर मायक्रोफोनसमोर गाणारा हॉर्न, मोठा चष्मा लावलेला. मग रेडिओ फुटतो. मुलगी रेडिओचे तुकडे कवटाळून बसत नाही. पुढच्या दृश्यांत ती भविष्यात पोचलेली असते, तिथे पारदर्शक नळकांड्यात चंदेरी पोशाखातली एक बाई आहे, जमिनीतून दूरदर्शन संच वर येत आहेत. वाद्यांमागे काळ्या कपड्यांत एक तरुण क्षणभर दिसतो, तो हान्स झिमर. पुढे चित्रपटसंगीतात जगप्रसिद्ध झालेला. सगळं स्वस्त आणि प्लास्टिकचं दिसतं, ते दिसायलाच हवं.

या फितीत खुनी कोण आहे? गाण्याच्या नावात तर 'व्हिडिओ' आहे. पण फितीत व्हिडिओ काहीच करत नाही. रेडिओ आपला आपण फुटतो. तिथे हजर असलेली एकमेव व्यक्ती म्हणजे ती मुलगी, श्रोता. ती पुढे जाते, आणि ती पुढे गेली हेच त्या गायकाचं मरण. फितीतली ही गोष्ट गाण्याच्या शब्दांत नाही. म्हणून चित्रफीत गाण्याची सजावट नाही. गाणं जे बोलायचं टाळतं ते ती बोलते.

नंतरचा इतिहास तुम्हाला माहीत असेल. १ ऑगस्ट १९८१ ला रात्री बारा वाजून एक मिनिटानं अमेरिकेत एमटीव्ही सुरू झालं आणि पहिली फीत हीच लावली. म्हणजे ज्याच्यावर खुनाचा आरोप, त्यानंच आरोपपत्र वाजवून दुकानाचं उद्घाटन केलं. (हशा) इथे मात्र आम्हाला हसू कमी येतं. उपरोधाची ही कमजोरी आहे. उपरोध इतका निसरडा असतो की ज्याच्यावर तो रोखलेला आहे तोच तो गळ्यात हार म्हणून घालू शकतो. हॉर्ननं स्वतः फार काळ त्या चष्म्यामागे उभं राहणं पसंत केलं नाही. तो स्टुडिओच्या काचेमागे गेला, 'फ्रँकी गोज टू हॉलिवूड'सारख्यांच्या तबकड्यांचा निर्माता म्हणून गाजला. व्हिडिओचा ताराही फार टिकला नाही.

आता आपल्या गल्लीत या. परदेशी चाली मुंबईत येणं नवं नव्हतं. पंचमदांचं, म्हणजे राहुलदेव बर्मन यांचं घर इथेच, सांताक्रूझ पश्चिमेला. ४ जानेवारी १९९४ ला ते तिथेच गेले. 'हम किसी से कम नहीं'मध्ये त्यांनी 'आबा'च्या 'मामा मिया'ची चाल घेतली, हे जाणकारांना ठाऊक आहे. त्या काळी परदेशातून येणारा माणूस सांताक्रूझच्या विमानतळावरच उतरायचा, त्याच्याबरोबर तबकड्याही उतरायच्या. बगल्सच्या चालीला बप्पी लाहिरींचा दरवाजा मिळाला. डिसेंबर १९८२ मध्ये बब्बर सुभाष यांचा 'डिस्को डान्सर' आला, त्यात उषा उथुप यांच्या भरदार आवाजातलं 'आऊवा आऊवा कोई यहाँ नाचे'. चाल ओळखायला दोन सेकंदही लागत नाहीत.

'चोरी' म्हणून विषय मिटवणं सोपं आहे, आणि नैतिक हिशेब मांडायचा तर तो मांडलाच पाहिजे. श्रेय द्यायला हवं होतं. पण समीक्षकाचं काम तिथे संपत नाही. काय घेतलं आणि काय मागे राहिलं, हे पाहायचं असतं. बप्पीदांनी रेडिओ घेतला नाही, व्हिडिओ घेतला नाही, खून घेतला नाही, १९५२ साल घेतलं नाही. घेतली ती कोरसमधली अर्थ नसलेली स्वरांची लकेर. मूळ गाण्यात ती मागे होती, इथे ती दारावरची पाटी झाली. शोकाच्या जागी नाच आला.

सामवेद गाणाऱ्यांना हा प्रकार नवा नाही. ऋचेचं साम होतं तेव्हा मधे-मधे अर्थहीन अक्षरं घालतात, त्यांना स्तोभ म्हणतात. हाउ, होइ, औहोवा. हो, 'औहोवा' हा खरोखरच स्तोभ आहे, आम्ही बनवलेला नाही! (हशा) छांदोग्य उपनिषदात या स्तोभांवर एक अख्खा खंड आहे. तेरा स्तोभ मोजले आहेत आणि शेवटच्या हुंकाराला 'अनिरुक्त', म्हणजे शब्दांत न सांगता येणारा, असं म्हटलं आहे. तुलना उडवून लावू नका. मुद्दा साधा आहे. अर्थाला भाषा लागते, संदर्भ लागतो, पारपत्र लागतं. स्तोभाला काही लागत नाही, तो कुठेही उतरतो. उपरोध मात्र अर्थाच्या आधारानंच जगतो. म्हणून चाल सांताक्रूझला उतरली तेव्हा उपरोध लंडनलाच राहिला.

हेच उलट्या दिशेनंही घडलं. बप्पीदांच्याच 'ज्योती' या १९८१ च्या चित्रपटातलं लताबाईंचं 'थोडा रेशम लगता है' २००२ साली 'ॲडिक्टिव्ह' या अमेरिकन गाण्यात शिरलं आणि प्रकरण तिथल्या न्यायालयात गेलं. ज्या आवाजाला आपण रेडिओचा तारा म्हणू, त्याचाच तिकडे स्तोभ झाला! तिथल्या श्रोत्याला शब्द कळले नाहीत, आवाजाचं रेशीम तेवढं कळलं. लताबाई ६ फेब्रुवारी २०२२ ला गेल्या, बप्पीदा १५ फेब्रुवारीला, नऊ दिवसांच्या अंतरानं. एक रेडिओच्या युगाची, दुसरा डिस्कोच्या झगमगाटाचा, असं आपण वाटून टाकतो. 'थोडा रेशम' ऐकलं की ती वाटणी मोडते.

पण 'डिस्को डान्सर'ची गोष्ट इथेच संपत नाही. गाण्यातून हरवलेला खून त्या चित्रपटानं दुसऱ्या वाटेनं परत आणला. कथा आठवा. गर्विष्ठ सॅम हा आधीचा डिस्को तारा, त्याच्या जागी रस्त्यावरचा गरीब जिमी, म्हणजे मिथुन चक्रवर्ती. सॅमच्या बापाची माणसं जिमीच्या इलेक्ट्रिक गिटारमध्ये विजेचा प्रवाह सोडतात, आणि ती गिटार हाती घेऊन जिमीची आई मरते. मग जिमीला गिटारची दहशत बसते, त्याला गाताच येत नाही. आपण हसतो या प्रसंगाला. हसू नये. लंडनच्या गाण्यात यंत्र अलंकारिक अर्थानं मारतं, मुंबईच्या चित्रपटात यंत्र खरोखर मारतं. पण मुंबईच्या पटकथेनं एक गोष्ट स्पष्ट ठेवली: गिटार आपण होऊन मारत नाही. कुणीतरी तिला वीज जोडतो. खुनी माणूस आहे, यंत्र हत्यार आहे. राही मासूम रझांच्या त्या पटकथेत उपरोध औषधालाही नाही, पण आरोपी कोण हा प्रश्न मात्र बगल्सपेक्षा तिथे सरळ सुटला आहे.

आता आपला शोक तपासू. मराठी घराची 'रेडिओ विरुद्ध व्हिडिओ' ही गोष्ट कोणती? आमच्या मते ती गीतरामायणाची आहे. १ एप्रिल १९५५, रामनवमी, आकाशवाणी पुणे. गदिमांचे शब्द, बाबूजींचं संगीत, वर्षभर दर आठवड्याला एक गाणं, एकूण छप्पन्न. त्या रामाला चेहरा नव्हता. ज्याच्या-त्याच्या मनात जो राम उभा राहिला तो त्याचा. पुढे २५ जानेवारी १९८७ ला दूरदर्शनवर रामानंद सागरांचं 'रामायण' सुरू झालं आणि देशभराला एकच चेहरा मिळाला, अरुण गोविल यांचा. गीतरामायणाच्या वेळी लोक रेडिओला हार घालत असं सांगतात. 'रामायणा'च्या वेळी लोक दूरदर्शन संचाला हार घालत. हार तोच, उदबत्ती तीच, समोरची पेटी तेवढी बदलली.

मग व्हिडिओनं गीतरामायण मारलं का? नाही. कार्यक्रम होत राहिले, ध्वनिफिती खपल्या, आजही सभागृहं भरतात. संपलं ते वेगळं. बिनचेहऱ्याचा राम आपापल्या मनात घडवण्याची सक्ती संपली. ही सक्ती सोडून द्यायला कुणी पिस्तूल रोखलं नव्हतं. १५ ऑगस्ट १९८२ ला रंगीत प्रसारण सुरू झालं, नोव्हेंबरात दिल्लीत आशियाई खेळ भरले, आणि घराघरांत संच आले. हप्त्यानं आले, हौसेनं आले. ही निवड होती, आणि तिच्यात आनंद होता. तो आनंद नाकारण्याचं काही कारण आम्हाला दिसत नाही.

शिवाय रेडिओ तरी कुठला निष्पाप? गाण्यातला तो मुलगा ज्या साली वायरलेस ऐकतो त्याच १९५२ साली आपल्याकडे बाळकृष्ण विश्वनाथ केसकर माहिती आणि नभोवाणी मंत्री झाले. आकाशवाणीवर चित्रपटगीतांना जवळजवळ दार बंद झालं. हार्मोनियमला तर १९४० पासूनच बंदी होती. लोकांनी काटा फिरवला आणि सिलोन लावलं; त्याच वर्षीच्या डिसेंबरात बिनाका गीतमाला सुरू झाली. विविध भारती आली ती १९५७ मध्ये. आणखी मागे चला. 'अयोध्येचा राजा' १९३२ साली आला आणि बोलपटानं संगीत नाटक मारलं अशी ओरड झाली. बालगंधर्व प्रभातच्या 'धर्मात्मा'त १९३५ साली उतरले, पण तिथे रमले नाहीत, रंगभूमीवर परतले. प्रत्येक मयत हा आधीच्या खटल्यातला आरोपी असतो. आज ज्या रेडिओसाठी आपण रडतो त्याच्यावर काल मैफलीच्या खुनाचा आरोप होता.

व्याकरणाकडे एकदा पाहा. 'रेडिओ मेला' म्हटलं तर कुणी मारला हा प्रश्नच उठत नाही. 'व्हिडिओनं ताऱ्याला मारलं' म्हटलं की कर्ता मिळतो. पण मराठीत हा भावे प्रयोग होतो. कर्त्याला 'नं' लागला, कर्माला 'ला' लागला, आणि क्रियापद दोघांपैकी कुणाशीच जुळत नाही. ते आपलं नपुंसकलिंगी एकवचनात अलिप्त उभं राहतं. 'मोबाईलनं वाचनाला मारलं', 'रील्सनी गाण्याला मारलं', 'इंग्रजीनं मराठीला मारलं', आपली सगळी हळहळ याच प्रयोगात का चालते? कारण त्यात क्रिया घडते आणि आपण कुठेच नसतो. व्याजशोकाचं हे व्याकरण आहे.

म्हणून आम्ही या गाण्याला मोठं मानतो, आणि त्याची मर्यादाही इथेच मानतो. मोठेपण हे की ते स्वतःला सोडत नाही. ज्या यंत्रावर बोट दाखवतं त्याच यंत्राचा हात आपल्या खांद्यावर आहे हे ते लपवत नाही. मर्यादा ही की नेमकं काय गेलं, हे ते कधीच सांगत नाही. बॅलार्डची कथा सांगते: तिथे एक म्हातारी गायिका आहे, तिला नाव आहे, तिला श्रोता हवा आहे. गाण्यातला तारा बिननावाचा आहे. उपरोधाला नाव घेण्याची लाज वाटते. नाव घेतलं की डोळ्यांत पाणी येण्याची भीती, आणि मग चष्मा, चंदेरी कोट सगळं विरघळतं.

मग खरा शोक आणि व्याजशोक यांत फरक कसा करायचा? आमची कसोटी अशी. खरा शोक शोक करणाऱ्याकडून काहीतरी मागतो. व्याजशोक काहीच मागत नाही; उलट तो करणाऱ्याला शाबासकी देतो की बघा, आमची अभिरुची केवढी उंच होती. आकाशवाणी बंद पडलेली नाही. मुंबई केंद्र आहे, विविध भारती आहे, ती आता फोनवरसुद्धा ऐकू येते. या सभागृहातल्या किती जणांनी गेल्या महिन्यात अर्धा तास चित्राशिवाय, दुसरं काही न करता, नुसतं ऐकलं? हात वर करायला आम्ही सांगणार नाही. (हशा) पण ज्यानं ऐकलं नाही त्यानं नातवंडांच्या रील्सना खुनी म्हणण्याआधी जरा थांबावं. त्या मुलांवर खटला भरण्याचा हक्क साक्षीदाराला असतो, सहआरोपीला नसतो.

आणि नातवंडांसाठीही एक सांगणं आहे. ती जे अर्ध्या मिनिटाचं गाणं ऐकतात तो बहुतेक वेळा स्तोभच असतो. लकेर येते, अर्थ येत नाही. त्यांना रागावण्यापेक्षा त्या लकेरीमागचं पूर्ण गाणं त्यांच्याबरोबर बसून एकदा ऐकलं, तर 'आऊवा'पासून 'औहोवा'पर्यंत आणि लंडनच्या त्या फुटलेल्या रेडिओपर्यंत त्यांना नेता येईल. ती येतात, आमचा वर्गातला अनुभव तरी तसाच आहे. फक्त नेणाऱ्याला स्वतःला वाट माहीत हवी आणि अर्धा तास मोकळा हवा.

 आता प्रश्न विचारा. मागच्या रांगेपासून सुरुवात करू.